गेलेली जमीन, बाधलेली जमीन

शिरूर तालुक्याच्या पूर्व भागात निमोणे हे गाव आहे. जवळच चिंचणीला घोड नदीवरचे धरण आहे. दक्षिणेला भीमा वाहते आणि तिच्या पलीकडे दौंड तालुका सुरू होतो. सार्वजनिक कामासाठी खासगी जमीन जाण्याचे बहुतेक सगळे प्रकार गेल्या साठ-पासष्ट वर्षांत या एवढ्याशा टापूने पाहिले आहेत. घोड धरणाचा जलाशय आणि त्याचे कालवे झाले. चासकमान धरणाच्या डाव्या कालव्याचे पाणी शिरूरच्या जिरायती पट्ट्याकडे आले, रांजणगावला औद्योगिक वसाहत उभी राहिली आणि पुणे-नगर रस्ता रुंद होत गेला. दौंडच्या बाजूला त्याही आधी रेल्वे आली, पुढे खडकवासल्याचा कालवा आला, आणि पानशेतसारख्या धरणांतून उठलेल्या लोकांसाठी जमिनी काढाव्या लागल्या.

प्रत्येक प्रकाराला लागणारा कायदा वेगळा, मोबदला ठरवणारा अधिकारी वेगळा आणि हिशेबाची रीतही वेगळी. त्यामुळे एकाच शिवारातल्या दोन शेजाऱ्यांना एकाच आकाराच्या तुकड्यासाठी फार वेगवेगळी रक्कम मिळू शकते. तिसऱ्या शेजाऱ्याची जमीन त्याच्याच नावावर राहते, पण ती पिकत नाही, आणि त्याला कोणी पैसेही देत नाही. हा प्रश्न आज कुठे येऊन ठेपला आहे, कोणत्या बाबी मिटल्या आणि कोणत्या अजून लोंबकळत आहेत, याचा हा आढावा.

पार्श्वभूमी : कंपनीच्या काळापासून १८९४ पर्यंत

सार्वजनिक गरजेसाठी राज्यसत्ता खासगी मालमत्ता घेऊ शकते, मात्र तिची किंमत तिने मोजली पाहिजे, हे तत्त्व आधुनिक कायद्यात सर्वत्र मान्य आहे. अमेरिकेच्या घटनेतील पाचव्या दुरुस्तीत ते १७९१ पासून आहे. भारतात ईस्ट इंडिया कंपनीने १८२४ मध्ये बंगालसाठी पहिला नियम केला. मुंबई आणि कुलाबा बेटांवरील रस्ते रुंद करण्यासाठी १८३९ मध्ये स्वतंत्र कायदा आला. १८५७ च्या कायद्याने कंपनीच्या ताब्यातील सर्व मुलुखाला एकच पद्धत लागू केली. पुढच्याच वर्षी पुण्याहून दिक्सळपर्यंत रेल्वे धावू लागली, म्हणजे आजच्या दौंड तालुक्याने भूसंपादनाचा अनुभव अगदी सुरुवातीलाच घेतला.

१८५७ च्या कायद्यात वाद लवादाकडे जात. १८७० च्या कायद्याने ते दिवाणी न्यायालयाकडे सोपवले. त्यानंतर आलेला १८९४ चा भूसंपादन कायदा तब्बल ११९ वर्षे चालला. कलम ४ ची अधिसूचना, कलम ६ ची घोषणा, कलम ९ च्या नोटिसा, कलम ११ चा निवाडा आणि तो मान्य नसेल तर कलम १८ खाली न्यायालयात वाढीव मोबदल्याची मागणी, ही साखळी महाराष्ट्रातील शेतकऱ्यांच्या तीन-चार पिढ्यांना तोंडपाठ झाली. बाजारभाव आणि सक्तीने जमीन घेतल्याबद्दल वर १५ टक्के दिलासा रक्कम, असा मूळ हिशेब होता. १९८४ च्या दुरुस्तीने दिलासा रक्कम ३० टक्के केली आणि अधिसूचनेनंतरच्या काळासाठी वार्षिक १२ टक्के जादा रक्कम जोडली. या कायद्यात जमीनमालकाला किमतीबद्दल भांडता येत असे. जमीन द्यायची की नाही, हे ठरवण्यात मात्र त्याला जवळपास काहीच वाव नव्हता.

मुळशी ते पुनर्वसन कायदा

या त्रुटीवर पहिले मोठे बोट पुणे जिल्ह्यातच ठेवले गेले. १९२१ मध्ये मुळशी खोऱ्यात टाटा कंपनीच्या जलविद्युत धरणासाठी याच कायद्याने जमिनी घेतल्या जात होत्या, तेव्हा सेनापती बापट यांच्या नेतृत्वाखाली सत्याग्रह उभा राहिला. १९२४ पर्यंत तो चालला, शेवटी मोडला आणि धरण झाले. पण तिथे विचारलेले दोन प्रश्न शंभर वर्षांनंतरही जिवंत आहेत. खासगी कंपनीचा प्रकल्प सार्वजनिक हिताचा कधी मानायचा? आणि पैसे दिले म्हणजे जमीन गेल्याची भरपाई होते का?

स्वातंत्र्यानंतर कोयना, पानशेत, घोड, उजनी अशी धरणे झाली. रोख मोबदला हातात पडलेली कुटुंबे काही वर्षांत रिकाम्या हाती राहिल्याचे अनुभव साचत गेले, आणि त्यातून दत्ता देशमुख, बाबा आढाव, नागनाथ नायकवडी यांच्यासारख्या नेत्यांची धरणग्रस्तांची चळवळ वाढली. ‘आधी पुनर्वसन, मग धरण’ ही तिची घोषणा. महाराष्ट्राने १९७६ मध्ये पुनर्वसनाचा कायदा केला, पुढे १९८६ आणि १९९९ मध्ये तो नव्याने केला. धरणाने ज्यांची जमीन भिजते त्यांनी, ज्यांची जमीन बुडते त्यांच्यासाठी काही वाटा द्यावा, हे या कायद्यांचे सूत्र होते. लाभक्षेत्रात ठरावीक मर्यादेपेक्षा जास्त जमीन असलेल्या खातेदाराकडून जादा जमीन घेऊन ती धरणग्रस्ताला द्यायची. या मर्यादेला गावोगाव ‘स्लॅब’ म्हणतात. धरणग्रस्ताने आपल्या मोबदल्यातील ६५ टक्के रक्कम सरकारकडे भरायची आणि त्या बदल्यात लाभक्षेत्रातील जमीन घ्यायची.

सूत्र न्याय्य होते, अंमलबजावणी मात्र दोन्ही बाजूंना त्रासाची ठरली. वेळेत ६५ टक्के न भरलेल्या धरणग्रस्तांचा पर्यायी जमिनीवरचा दावा अडकला. लाभक्षेत्रातील शेतकऱ्याच्या सातबारावर पुनर्वसनासाठी राखीव असल्याचा शेरा पडला आणि जमीन प्रत्यक्षात घेतली न जाताही तिचे व्यवहार अडले. वाटप, खरेदी-विक्री, कर्ज या सगळ्यांवर त्याचा परिणाम झाला. अशा अडकलेपणाला मोबदला नसतो. शेरे उठवा ही मागणी पुणे जिल्ह्याच्या लाभक्षेत्रातील गावांत वर्षानुवर्षे होत आली आहे. दुसऱ्या बाजूला, शेरे सरसकट उठले तर उरलेल्या धरणग्रस्तांना जमीन कुठून देणार, हाही तितकाच खरा प्रश्न आहे.

संविधानातील मालमत्तेचे स्थान

संविधानात सुरुवातीला मालमत्ता हा मूलभूत हक्क होता. बेला बॅनर्जी खटल्यात १९५३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने भरपाई म्हणजे मालमत्तेची पूर्ण किंमत, असा अर्थ लावला. जमीनदारी मोडून जमीनसुधारणा करू पाहणाऱ्या सरकारांना तो परवडणारा नव्हता. त्यानंतरच्या वीस-पंचवीस वर्षांत संसद आणि न्यायालय यांच्यात मोठी रस्सीखेच झाली. १९५५ च्या चौथ्या घटनादुरुस्तीने भरपाईच्या पुरेपणावर न्यायालयात वाद घालण्याची वाट बंद केली, तर १९७१ च्या पंचविसाव्या दुरुस्तीने ‘भरपाई’ऐवजी केवळ ‘रक्कम’ ठेवली. १९७८ च्या चव्वेचाळिसाव्या दुरुस्तीने मालमत्तेचा मूलभूत हक्क काढला आणि अनुच्छेद ३००-अ आणला : कायद्याच्या अधिकाराशिवाय कोणाचीही मालमत्ता हिरावून घेता येणार नाही. मात्र १९६४ च्या सतराव्या दुरुस्तीने दिलेले एक संरक्षण शाबूत राहिले. कमाल धारणेच्या मर्यादेतील, स्वतः कसत असलेली जमीन राज्याने घेतली तर बाजारभावापेक्षा कमी मोबदला देता येत नाही. लहान शेतकऱ्यासाठी ही तरतूद मोलाची आहे, पण ती फारशी कोणाच्या बोलण्यात येत नाही.

हक्क मूलभूत राहिला नाही तरी न्यायालयांनी त्याचा अर्थ हळूहळू रुंदावला. महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळाविरुद्धच्या एका खटल्यात १९६४ पासून जमीन ताब्यात असूनही मोबदला दिला गेला नव्हता. २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने उशिराचे कारण पुढे करणाऱ्या शासनाचा बचाव नाकारला. हिमाचल प्रदेशात १९६७-६८ मध्ये रस्त्यासाठी घेतलेल्या जमिनीबाबत २०२० मध्ये असाच निर्णय झाला. २०२४ मध्ये कोलकाता महानगरपालिकेच्या प्रकरणात न्यायालयाने अनुच्छेद ३००-अ मधील सात घटक उलगडून सांगितले : नोटीस, म्हणणे ऐकून घेणे, कारणांसह निर्णय, सार्वजनिक प्रयोजन, योग्य मोबदला, वेळेत प्रक्रिया आणि प्रक्रियेची पूर्तता. त्याच वर्षी नऊ न्यायाधीशांच्या घटनापीठाने मुंबईतील उपकरप्राप्त इमारतींच्या वादातून आलेल्या प्रश्नावर निकाल दिला. प्रत्येक खासगी मालमत्ता ही आपोआप समाजाची भौतिक साधनसंपत्ती ठरत नाही, असे बहुमताने सांगितले गेले.

२०१३ चा कायदा आणि त्याचा हिशेब

१ जानेवारी २०१४ पासून १८९४ चा कायदा गेला आणि भूसंपादन, पुनर्वसन व पुनर्वसाहत यांचा नवा कायदा लागू झाला. खासगी कंपनीसाठी जमीन घ्यायची तर बाधित कुटुंबांपैकी ८० टक्के आणि सरकारी-खासगी भागीदारीसाठी ७० टक्के कुटुंबांची संमती आवश्यक झाली. निव्वळ सरकारी कामासाठी संमतीची अट नाही. सामाजिक परिणामांचा अभ्यास सक्तीचा झाला. बहुपिकी ओलिताची जमीन शेवटचा पर्याय म्हणूनच घ्यावी, असेही कायदा सांगतो.

ग्रामीण भागातील मोबदल्याचा हिशेब असा चालतो. आधी बाजारमूल्य ठरते. रेडीरेकनरचा दर, गेल्या तीन वर्षांतील जास्त किमतीच्या निम्म्या खरेदीखतांची सरासरी, आणि संमतीने ठरलेली रक्कम असल्यास ती, यांपैकी जे जास्त ते धरतात. त्याला १ ते २ मधील गुणकाने गुणतात. झाडे, विहीर, बांधकाम यांची किंमत मिळवतात आणि एकूण रकमेइतकीच, म्हणजे १०० टक्के, दिलासा रक्कम देतात. समजा एकराचे बाजारमूल्य १० लाख रुपये ठरले आणि गुणक २ असेल, तर झाडे-विहीर वगळता ४० लाख होतात. गुणक १ असेल तर २० लाख. याशिवाय बाजारमूल्यावर निवाड्यापर्यंत वार्षिक १२ टक्के जादा रक्कम मिळते.

महाराष्ट्रातला वाद या गुणकावरून पेटला. राज्याने २०२१ मध्ये महामार्गांसाठीचा ग्रामीण गुणक २ वरून १ वर आणला. म्हणजे धरणासाठी आणि महामार्गासाठी जाणाऱ्या शेजारच्या दोन गटांना मिळणाऱ्या रकमेत दुपटीचा फरक पडू शकतो. महामार्गाचा खर्च आवाक्याबाहेर जात होता, असे शासनाचे म्हणणे होते. जमीन तीच, नुकसान तेच, मग प्रकल्प कोणता यावरून दर का बदलावा, असे शेतकरी संघटनांनी विचारले.

दुसरा पदर वगळलेल्या कायद्यांचा. राष्ट्रीय महामार्ग, रेल्वे, वीज, पेट्रोलियम वाहिन्या असे १३ केंद्रीय कायदे २०१३ च्या प्रक्रियेबाहेर ठेवले होते. २०१५ च्या आदेशाने मोबदल्याच्या तरतुदी त्यांना लागू झाल्या. त्याआधी राष्ट्रीय महामार्गासाठी गेलेल्या जमिनीला दिलासा रक्कमच नव्हती. हा भेद घटनाबाह्य असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये ठरवले, आणि तो निकाल जुन्या प्रकरणांनाही लागू राहील हे २०२५ मध्ये स्पष्ट केले. महाराष्ट्राने २०१८ मध्ये आपली दुरुस्ती करून औद्योगिक विकास, राज्य महामार्ग, नगररचना आणि म्हाडाच्या कायद्यांना अशीच वेगळी वाट दिली. रांजणगावसारख्या वसाहतींसाठीच्या संपादनात त्यामुळे मोबदला नव्या कायद्याच्या बरोबरीने मिळावा लागतो, सामाजिक परिणामांचा अभ्यास मात्र सक्तीचा राहत नाही.

जुन्या आणि नव्या कायद्याच्या सांध्यावरचा सर्वांत गाजलेला खटला पुण्याचाच आहे. पुणे महानगरपालिकेने वनउद्यानासाठी सुमारे ४४ एकर जमीन संपादित केली होती. मोबदला सरकारी तिजोरीत ठेवला होता, मालकांच्या हाती पडला नव्हता. जानेवारी २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की तिजोरीत ठेवणे म्हणजे देणे नव्हे, आणि संपादन रद्द ठरले. त्या आधारावर देशभर शेकडो दावे झाले. मार्च २०२० मध्ये इंदूर विकास प्राधिकरणाच्या प्रकरणात पाच न्यायाधीशांच्या पीठाने हा अर्थ बदलला : मोबदलाही दिलेला नाही आणि ताबाही घेतलेला नाही, असे दोन्ही असेल तरच जुने संपादन रद्द होते. सहा वर्षांत कायद्याचा अर्थ उलट झाला. अनेक कुटुंबांनी मधल्या काळात आशेवर घेतलेले निर्णय त्यात वाहून गेले.

बाजारभाव कोणाचा?

कायदा रक्कम दुप्पट-चौपट करतो, पण कशाची, हा मूळ प्रश्न उरतोच. खरेदीखतात प्रत्यक्ष व्यवहारापेक्षा कमी किंमत दाखवण्याची सवय जुनी आहे. ज्या गावात पाच-सात वर्षांत मोजकेच व्यवहार झाले तिथे सरासरीला फारसा अर्थ उरत नाही. रस्त्याकडेच्या दोन गुंठ्यांच्या दराने आतले पाच एकर मोजता येत नाहीत, म्हणून न्यायालये वजावट करतात, आणि वजावट किती यावर पुन्हा वाद होतो.

कागदाची उणीव इथे महाग पडते. नदीवरून स्वतःच्या खर्चाने पाइपलाइन आणून ऊस घेणाऱ्याच्या सातबारावर पीकपाहणीत ओलिताची नोंद नसेल, तर निवाड्यात जमीन जिरायत धरली जाण्याचा धोका असतो. फळझाडांचे मूल्यांकन कृषी विभाग करतो, इतर झाडांचे वन विभाग, घर-विहिरीचे बांधकाम किंवा पाणीपुरवठ्याचा विभाग. संयुक्त मोजणीच्या दिवशी जे पंचनाम्यात आले नाही ते पुढे सिद्ध करणे फार कठीण जाते. संपादनानंतर कमी-जास्त पत्रक वेळेवर झाले नाही, तर गेलेली जमीन वर्षानुवर्षे सातबारावर तशीच दिसत राहते, किंवा उरलेल्या जमिनीचा हिशेब जुळत नाही.

कुटुंबातील वाटणीचाही प्रश्न आहे. सामाईक खाते, वारसनोंद न झालेल्या बहिणी, तोंडी वाटप, कुळाचा दावा, यांपैकी काहीही उभे राहिले की रक्कम प्राधिकरणाकडे जमा होते आणि तिथेच थांबते. मुलींना वडिलोपार्जित जमिनीत समान हक्क महाराष्ट्राने १९९४ मध्ये आणि देशाने २००५ मध्ये दिला. मोबदल्याच्या वेळी तो हक्क पहिल्यांदाच घरात उघडपणे बोलला जातो, असे अनेक गावांत दिसते.

बाधलेली जमीन

आतापर्यंतचे सगळे सरकारने घेतलेल्या जमिनीबद्दल झाले. या प्रश्नाचा दुर्लक्षित अर्धा भाग यापुढे आहे.

शेताचा एक भाग गेला आणि उरलेला तुटला, तर कायदा त्याची दखल घेतो. तुकडा पडल्याने आणि कामामुळे उर्वरित मालमत्तेला बाधा पोहोचल्याने होणारे नुकसान मोबदल्यात धरावे, हे १८९४ मध्येही होते आणि २०१३ मध्येही आहे. प्रत्यक्षात कालव्याने दोन भाग झालेल्या शेतात पलीकडे जायला पूल नाही, विहीर एका बाजूला आणि रान दुसऱ्या बाजूला, या नुकसानीचा आकडा निवाड्यात क्वचितच मनासारखा येतो. तो सिद्ध करण्याचा भार शेतकऱ्यावरच असतो.

ज्याची एक गुंठाही जमीन घेतलेली नाही, पण शेजारच्या कामाने बाधली आहे, अशा जमीनमालकासाठी तर भूसंपादन कायद्यात जागाच नाही. कालव्याच्या पाझराने शेजारचे रान चिबडते, क्षार वर येतात, जमीन चोपण होते. रस्त्याचा भराव पडल्यावर पाण्याची जुनी वाट बंद होते आणि पावसाळ्यात शेतात तळे साचते. अशा वेळी पाटबंधारे किंवा बांधकाम विभागाकडे अर्ज करणे, नाहीतर दिवाणी दावा किंवा उच्च न्यायालयात याचिका, एवढेच मार्ग राहतात. पूर आला तर आपत्ती मदतीच्या ठरावीक दराने पैसे मिळतात. ती शासनाची मदत असते, जमिनीच्या किमतीशी तिचा संबंध नसतो.

वीजवाहिन्यांची गोष्ट वेगळी आहे. १८८५ च्या तार कायद्यातले अधिकार वीज कायद्यामार्फत वापरून मालकी न घेता मनोरा उभा करता येतो आणि तारा ओढता येतात. पूर्वी मुख्यतः पीक-झाडांची नुकसानभरपाई मिळे. केंद्राच्या २०१५ च्या मार्गदर्शक सूचनांनी मनोऱ्याखालच्या जागेसाठी जमिनीच्या किमतीच्या ८५ टक्के आणि तारांखालच्या पट्ट्यासाठी कमाल १५ टक्के सुचवले. जून २०२४ मध्ये हे प्रमाण अनुक्रमे २०० आणि ३० टक्के झाले. या मात्र सूचना आहेत. प्रत्यक्ष लाभ राज्याने त्या कशा स्वीकारल्या यावर ठरतो. तेलवाहिन्यांसाठीच्या १९६२ च्या कायद्यात वापराच्या हक्काबद्दल बाजारमूल्याच्या १० टक्के मिळतात. पट्ट्यावर नंतर घर बांधता येत नाही, विहीर खणता येत नाही, झाड लावता येत नाही. साठ वर्षांत जमिनीचा उपयोग किती बदलला, पण हा आकडा तिथेच आहे.

पाण्याच्या वाहिनीनेही पुणे जिल्ह्यात मोठी किंमत घेतली. पवना धरणातून पिंपरी-चिंचवडला बंद नळाने पाणी नेण्याच्या योजनेविरुद्ध मावळात आंदोलन झाले आणि ९ ऑगस्ट २०११ रोजी बऊरजवळ पोलीस गोळीबारात तीन शेतकरी मृत्युमुखी पडले. नदी-कालव्याकाठच्या शेतीच्या पाण्याचे काय, हा तिथला प्रश्न होता, आणि जमिनीच्या तुकड्याची किंमत देऊन तो सुटणारा नव्हता.

शेवटचा प्रकार सगळ्यात शांतपणे घडतो. गावरस्ता रुंद करताना कडेच्या शेतातले दोन-चार हात रस्त्यात जातात. पंतप्रधान ग्रामसडक योजनेत भूसंपादनासाठी निधीच नाही. जमीन उपलब्ध करून देणे ही राज्याची जबाबदारी धरली आहे. पाणंद रस्तेही लोकांच्या संमतीवर उभे राहतात. बहुतेक शेतकरी अशी जागा आनंदाने देतात, कारण रस्त्याने त्यांचाही माल बाहेर निघतो. पण संमती लेखी घेतली गेली का, मोजणी झाली का, अल्पभूधारकाकडून आणि मोठ्या खातेदाराकडून सारखीच जागा घेतली का, हे कोणी तपासत नाही.

चार भूमिका

या वादातल्या भूमिका ढोबळपणे चार. पहिली प्रशासनाची आणि अभियंत्यांची. पाणी, रस्ते, वीज यांची गरज वादातीत आहे. मोबदला फार वाढला तर कामेच थांबतात आणि त्याचा भुर्दंड करदात्यावर पडतो. न्यायालयातून वाढीव मोबदला आणि त्यावर पहिल्या वर्षी ९, नंतर १५ टक्के व्याज देण्यापेक्षा आधीच तडजोडीने खरेदी स्वस्त पडते. समृद्धी महामार्गावर हेच झाले. चौपट मोबदल्यावर २५ टक्के वाढ देऊन, म्हणजे पाचपटीने, थेट खरेदी झाली आणि बराच विरोध मावळला.

दुसरी भूमिका मालमत्तेच्या हक्काची. शरद जोशी आणि शेतकरी संघटना यांनी ती महाराष्ट्रात ठामपणे मांडली. शेतकऱ्याची जमीन ही त्याची मालमत्ता आहे, ती त्याच्या संमतीने आणि त्याला पटेल त्या भावाने विकली जावी, सक्ती अपवाद म्हणूनच असावी. तिसरी भूमिका धरणग्रस्त-प्रकल्पग्रस्त चळवळीची. त्यांच्या मते पैसा संपतो आणि जमीन पिढ्यान्‌पिढ्या पोसते, म्हणून जमिनीच्या बदल्यात जमीन, पाणी आणि प्रकल्पाच्या लाभात वाटा हवा. सातबारावर नाव नसलेले शेतमजूर, मेंढपाळ, वाटेकरी यांचा विचार याच भूमिकेने कायद्यात आणला. २०१३ च्या कायद्यात बाधित कुटुंबाला नोकरी, नाहीतर एकरकमी ५ लाख रुपये, नाहीतर २० वर्षे दरमहा किमान २,००० रुपये हे पर्याय आहेत, ते त्या विचाराचे फळ.

चौथी भूमिका भागीदारीची. नवी मुंबईत १९८४ साली जासईच्या आंदोलनात पाच जणांचा बळी गेला, आणि दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वातील त्या लढ्यातून पुढे साडेबारा टक्के विकसित भूखंडाची योजना आली. खेडच्या विशेष आर्थिक क्षेत्रात १५ टक्के परताव्याचा प्रयोग झाला, पण त्याची पूर्तता वर्षानुवर्षे रेंगाळली. पुरंदर विमानतळासाठी सात गावांना १० टक्के विकसित जमिनीचा प्रस्ताव पुढे आला आणि तिथेही विरोध झाला. हडपसरला मगरपट्ट्यात शेतकऱ्यांनी जमीन विकण्याऐवजी एकत्र करून स्वतःची कंपनी काढली. मैत्रीश घटक आणि परीक्षित घोष या अर्थशास्त्रज्ञांनी लिलावातून भाव ठरवावा आणि ज्याला जमीनच हवी त्याला प्रकल्पाबाहेर जमीन मिळावी, असे सुचवले आहे. भागीदारीची अडचण उघड आहे. शहराजवळच्या भूखंडाला भाव येतो. धरणाच्या जलाशयात किंवा कालव्यात परतावा कशाचा देणार?

काय मिटले, काय राहिले

बऱ्याच गोष्टी मिटल्या आहेत. मोबदला ही राज्याची मेहेरबानी नाही, हे कायद्यात पक्के झाले. केवळ उशीर झाला म्हणून शासनाला हात झटकता येत नाहीत. वेगवेगळ्या कायद्यांनी घेतलेल्या जमिनीला साधारण सारखा मोबदला हवा, हे तत्त्व मान्य झाले आहे.

तीन प्रश्न उघडे आहेत. पहिला गुणकाचा आणि दराचा : प्रकल्पाच्या प्रकारावरून दर बदलणे समानतेच्या कसोटीवर टिकते का, आणि प्रकल्प जाहीर झाल्यावर वाढणाऱ्या किमतीत मूळ मालकाचा वाटा किती. दुसरा वेळेचा : निवाडा, वाटणी, वाढीव मोबदला आणि नोंदी यांत जाणारी वर्षे हेच सर्वांत मोठे न मोजलेले नुकसान आहे. पाच वर्षांत न वापरलेली जमीन मूळ मालकाला किंवा भूमिबँकेला परत द्यावी, असे २०१३ चा कायदा म्हणतो. या दोहोंपैकी निवड शासनाची असल्याने मालकाला ती परत मिळेलच असे नाही. तिसरा आणि माझ्या मते सगळ्यांत मोठा प्रश्न बाधलेल्या जमिनीचा. घेतलेल्या जमिनीचा हिशेब १८९४ पासून २०१३ पर्यंत खूप पुढे आला. पाझर, भराव, शेरे, तुटलेली वाट यांचा हिशेब जागच्या जागी आहे.

दर वाढवण्यापेक्षा हे काम स्वस्त आहे आणि अवघडही नाही. प्रत्येक कालव्याच्या आणि रस्त्याच्या अंदाजपत्रकातच शेजारच्या जमिनीच्या बाधेसाठी तरतूद असावी. काम सुरू होण्याआधी आणि झाल्यावर लगतच्या गटांची मोजणी, विहिरींची पातळी आणि मातीची तपासणी व्हावी. बाधेचा दावा तालुका पातळीवर ठरावीक मुदतीत निकाली निघावा. लेखी संमतीशिवाय गावरस्त्यासाठी एक हातही जमीन घेऊ नये आणि तिची नोंद त्याच वर्षी व्हावी. यासाठी फार मोठ्या घटनात्मक वादाची गरज नाही. चिंचणीच्या धरणाने आणि चासकमानच्या कालव्याने या भागाला पाणी दिले, ते सगळ्यांच्या कामी आले. ज्यांचे रान त्या पाण्याने बुडाले किंवा चिबडले, त्यांच्या नुकसानीचा पुरावा तयार करण्याची जबाबदारी काम करणाऱ्या विभागाकडे गेली, तर या प्रश्नातला सर्वांत जुना अन्याय दूर व्हायला सुरुवात होईल.